अंगण खरंच वाकडं होतं

अण्णा, तुम्हाला जाऊन सतरा वर्षं झाली आणि माझा राग अजून उतरलेला नाही. गेल्या रविवारी तुमच्या नातीने मला मोबाइलवर एक व्हिडिओ दाखवला. तोच आपला जुना मारामारीचा गेम, शेजारी शेजारी दोन पडद्यांवर. डावीकडे जपानची कॅसेट, उजवीकडे युरोपची. दोन्हीकडे एकाच क्षणी लाथ सुटते. डावीकडचा गडी आडवा पडतो, तरी उजवीकडचा पाय अजून हवेतच असतो. उजवीकडच्या चित्राला वर आणि खाली काळ्या पट्ट्या. पोरगी हसत म्हणाली, "आई, किती स्लो आहे बघ ना." मी उठून स्वयंपाकघरात गेले आणि घासलेलीच भांडी पुन्हा घासायला घेतली.

जुन्नरच्या बाजारातल्या गल्लीत तुमचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान. सहावीपासून शाळा सुटली की मी तुमच्या शेजारच्या स्टुलावर बसायची, सोल्डर वितळताना येणारा तो वास नाकात भरून घ्यायची. जहाजावर नोकरी करणाऱ्या मामांनी जपानहून गेमची मशीन आणली, ती आपल्या टीव्हीला जोडली तर चित्र नुसतं वर सरकत राहिलं, तेही काळंपांढरं. तुम्ही आठ दिवस खटपट करून कुणाचा तरी टाकून दिलेला परदेशी टीव्ही चालू केलात आणि त्यावर रंगीत चित्र आणलंत. मला म्हणालात, "तिकडं सेकंदाला साठ वेळा चित्र बदलतं, आपल्याकडं अन् युरोपात पन्नास. ध्यानात ठेव." मी ध्यानात ठेवलं. तुम्ही सांगितलेलं सगळंच ठेवायची.

मी दहावीत असताना मंडळाने गणपतीत त्या गेमची स्पर्धा ठेवली. मशीन मंडळाने मुंबईहून मागवली होती, टीव्ही तुमच्या दुकानातला, जोडणीही तुमचीच. खेळणाऱ्यांत मुलगी मी एकटीच. समोर पिंपळवंडीचा एक कॉलेजातला मुलगा. मी उडी मारते, लाथ घालते आणि खाली उतरता उतरता बुक्कीचं बटण दाबते. घरी हजारदा जमलेली गोष्ट. इथे बटण दाबून होतं, आणि पडद्यावरची माझी बाई अजून खाली उतरलेलीच नसते. तो मला निवांत बडवतो. दोन्ही फेऱ्या मी हरले.

मी उठून म्हणाले, "ही मशीन हळू चाललीय. आमची अशी नाही. आमच्या कॅसेटीत या गड्यांची नावंसुद्धा वेगळी आहेत, त्या बॉक्सरचं नाव इथं दुसऱ्यालाच दिलंय." मंडपात हशा पिकला. "आता नावं पण बदलली का राव," कुणीतरी मागून म्हणालं. मी तुमच्याकडे बघितलं. त्या गर्दीत साठ आणि पन्नास कळणारा माणूस एकच होता. तुम्ही पुढे आलात आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालात, "नाचता येईना, अंगण वाकडं. हरले म्हनायला जीभ जड झाली व्हय? त्या पोराची माफी माग." मी मागितली. तो बिचारा मान खाली घालून उभा होता, तुमच्यापेक्षा त्यालाच जास्त लाज वाटली असावी.

पुढच्या आठवड्यात दुकानात आले तर माझ्या स्टुलावर जुने स्पीकर रचलेले. "मशीनला नावं ठेवणारा मेकॅनिक व्हत न्हाई," एवढंच बोललात. दहावीनंतर आयटीआयचा इलेक्ट्रॉनिक्सचा फॉर्म आणला, त्यावर तुम्ही सही केली नाही. आईने दोनदा विषय काढला, दोन्ही वेळा तुम्ही ताटावरून उठलात. मी कॉमर्स केलं. आज घोडेगावच्या कचेरीत आवक-जावक सांभाळते. आमचा प्रिंटर बिघडला की बाहेरून माणूस येतो, मी त्याला चहा सांगते आणि तो झाकण उघडतो तेव्हा दुसरीकडे बघते.

तरीही मी तेव्हा तुमचंच खरं मानलं होतं, अण्णा. दहा वर्षं मानलं. मी हरले आणि खोटं बोलले, असं मलाच वाटू लागलं होतं. मग तुमच्या दहाव्याला, कुकडीच्या काठावर, शेजारच्या दुकानातले रेडिओवाले काका माझ्याजवळ येऊन बसले. सगळे कावळा शिवायची वाट बघत होते. काका हळूच म्हणाले, "पोरी, त्या गेमचं तुझं खरं व्हतं बरं का. दुसऱ्या दिशी सकाळी तुझ्या बापानं ती मशीन खोलून बघितली व्हती. मला म्हनला, पन्नासवर पळतीय म्हनून हळू, पोरगी बरोबर बोलली."

"मग मला का नाही सांगितलं?"

"मी बी तेच इचारलं. तर म्हनला, आता चारचौघांत बोलून बसलोय. बापाचा शब्द हलका व्हईल."

नकळत चुकला असतात तर मी कधीच सोडून दिलं असतं. पण तुम्हाला कळलं होतं. स्पीकर त्यानंतर रचलेत तुम्ही. सही त्यानंतर नाकारलीत. आपला शब्द जड राहावा म्हणून पोरीचा शब्द खोटा पाडलात आणि दहा वर्षं रोज तिच्यासमोर बसून जेवलात. शेवटच्या आजारपणात मी तुमचे पाय चेपायची, तेव्हाही तुम्हाला वेळ होता. चारच शब्द तर होते.

काकांचं ऐकून मी रडायला लागले, ती थांबेचना. बायकांनी मला धरलं. आत्या म्हणाली, "बापावर लई जीव व्हता गं हिचा." ते रडणं रागाचं होतं. पण मी आत्याला काही सांगितलं नाही, आणि अण्णा, खरं सांगायचं तर, ती म्हणाली ते ऐकून मला बरं वाटलं.