मी दिलेली साक्ष

आई, मागच्या मंगळवारी आप्पा माझ्या दुकानात आले.

शिळफाट्याला मी ब्लाउज शिवते. दुपारची वेळ, गिऱ्हाईक नव्हतं. दारात एक म्हातारा कापडी पिशवी घेऊन उभा राहिला, तर मी आधी ओळखलंच नाही. शिक्षा भोगून ते कडावला परतलेत एवढं मामाकडून कळलं होतं. आता मामाही नाही. स्थळं यायची तेव्हा चौकशीत सगळं निघायचं आणि माणसं पुन्हा फिरकायची नाहीत. मग मीच नको म्हणून टाकलं. त्यामुळे हे सांगायला तूच आहेस.

तुझी शेवटची सकाळ मला लख्ख दिसते. तू चुलीपुढे भाकऱ्या थापतेयस, मी दप्तर भरतेय. तुझ्या गालावर आदल्या दिवसाची सूज आहे. तू हळू आवाजात म्हणतेस, पोरीला घेऊन कोंडाण्याला भावाकडे जाऊन येते. आप्पा उठतात, तुझे केस धरतात. "माहेरी गेलीस तर पोरीचं तोंड दिसायचं नाय तुला. जीव दे, तेवढं एकच उरलंय." आजी शेजारीच तांदूळ निवडत असते, मान वर करत नाही. तू केस बांधलेस आणि मला म्हणालीस, "जा गं, शाळेला उशीर होतोय." शाळेतून मला न्यायला मामा आला, तेव्हा तू नव्हतीस.

सरकारी वकीलबाईंनी मामाला नीट समजावलं होतं. लग्नाला कायद्यातली सात वर्षं उलटून गेलेली, त्यामुळे मारहाण सिद्ध झाली तरी आत्महत्येला त्यांनीच प्रवृत्त केलं असं कोर्ट आपणहून धरणार नाही. त्या सकाळी काय घडलं ते कुणीतरी सांगायला हवं. आजीने काही ऐकलं नाही असं सांगितलं. उरले मी. साक्षीआधी न्यायाधीशांनी विचारलं, खोटं बोललं की काय होतं? मी म्हणाले, "जेवण जात नाही, आई सांगते." सांगायची नाही, सांगते. मग आप्पांच्या वकिलाने अगदी गोड आवाजात विचारलं, "रागात माणूस असं बोलतोच ना बाळ? मामा नाही बोलत?" मी म्हणाले, "मामा केस धरून बोलत नाही."

त्यांना शिक्षा झाली. आजीने, काकांनी माझं नाव टाकलं. लग्नकार्यात कडावची माणसं समोर आली तर बाजूने निघून जातात.

तर आप्पा स्टुलावर बसले. मी पाणी दिलं. ते पिऊन म्हणाले, "तू लहान होतीस गं. वकिलानं पढवलं तुला. मी माफ केलं तुला, तेवढंच सांगाया आलो."

मी कात्री खाली ठेवली. "मला कुणी पढवलं नाही. मी तिथंच होते. तुम्ही बोललात."

"मी असं बोलणारा माणूस नाय."

"बोललात आप्पा."

ते उठले, पिशवी उचलली आणि खोपोलीच्या बाजूला चालू लागले. ते वाक्य ऐकलेली आजी केव्हाच गेली. आता ते माहीत असलेली आम्ही दोघंच, आणि त्यातला एक म्हणतो की ते नव्हतंच.

मला त्यांची कीव आली नाही, रागही फारसा आला नाही. पण एक गोष्ट झाली, ती तुला सांगते. त्यांचं ते वाक्य मला आवाजासकट पाठ आहे. कोर्टासाठी इतक्या वेळा आठवावं लागलं की ते पक्कं बसलं. तुझा आवाज मात्र गेला, आई. तू बोललेलं आठवतं, ते माझ्याच आवाजात. आप्पा वळणावर पोचले तेव्हा मी दारात आले होते. हाक मारून विचारणार होते, आई बोलायची कशी, हसायची कशी. त्यांच्याशिवाय मला सांगणारं आता कुणी नाही.