नारीनची नंबरपाटी

बिश्केक, मार्चअखेर

प्रिय तुर्दाकुन,

तुझी कंबर कशी आहे? गवताचे भारे एकट्यानं उचलू नकोस हे सांगून सांगून माझी जीभ झिजली, आणि तू ऐकलं नसशीलच. तुझ्या कुम्युशचा खोकला गेला का? तिला म्हणावं, मेंढीच्या शेपटीची चरबी गरम दुधात घालून पी आणि डॉक्टरच्या गोळ्याही घे, दोघांचं काही वैर नाही. तुझ्या एर्मेकचं आणि सूनबाईचं बरं चाललंय ना? बाळाला दात आले असतील. की आधी पायच फुटले? आपल्या घराण्यात आधी पळायचं आणि मग चावायला शिकायचं, अशीच रीत आहे. करड्या घोडीचा सुजलेला खूर उतरला का? माझ्या छपरावरचा बर्फ तू ओढून काढलास हे मला आमच्या तालांतकडून कळलं. पोरगा रशियात, त्याला कुणी सांगितलं देव जाणे. दोन सख्ख्या भावांमधली खबर आता हजारो कोस फिरून येते, काय म्हणावं याला?

मी बरा आहे. जेवतो, झोपतो, खालच्या बाकावर बसून बुद्धिबळ हरतो.

तू निरोप धाडलास की घाट मोकळा झाल्यावर ट्रक घेऊन येतो, दादाला आणि सामानाला गावी घेऊन जातो. येणार की नाही एवढंच सांगायचं. याचं उत्तर फोनवर द्यायला गेलो तर काय होतं ते तुला माहीत आहे. तू घोडीचं काढतोस, मी खोकतो, आणि मग दोघेही हवापाण्याचं बोलून फोन ठेवतो. म्हणून लिहायला बसलोय. मला जरा सावकाश येऊ दे मुद्द्यावर. म्हातारा माणूस आणि म्हातारी गाडी, दोघांनाही सुरू व्हायच्या आधी तापावं लागतं.

झालं असं की परवा बाजारातून येताना चौकात पोलिसानं माझ्या निळ्या निवा गाडीला हात केला. कोवळा पोरगा, मिशी अजून उधारीची वाटावी अशी. कागद उलटेपालटे करून म्हणाला, "आजोबा, लायसन्सवर आत-बाशी, गाडीच्या कागदांवर आत-बाशी. आणि राहता कुठं?" म्हटलं, "हे काय, मागच्या गल्लीत." "कधीपासून?" "बायको आजारी पडली तेव्हापासून." त्यानं सहज विचारलं, "आता बऱ्या आहेत ना त्या?" मी म्हटलं, "आता तिला काही दुखत नाही." पोराला कळायला जरा वेळ लागला. कळलं तसं त्यानं कागद दोन्ही हातांनी परत दिले आणि म्हणाला, "पत्ता तेवढा बदलून घ्या आजोबा. दुसरा कुणी असता तर दंड लावला असता."

तुला आठवत असेल, आम्ही गाव सोडलं तेव्हा सायराकाननं चुलीवरची किटलीसुद्धा जागची हलवली नव्हती. मूत्रपिंडं निकामी, रक्त धुवायचं यंत्र शहरात, म्हणून शहरात यायचं. बरं वाटलं की परत. तालांतचं रिकामं घर होतंच. कागदांवरचा पत्ता बदलायचं तेव्हा मी म्हणालो होतो, तर माझ्यावरच उखडली. "चार दिवसांच्या पाहुण्यानं कधी आपला खुंटा ठोकलाय का?" म्हणे. शिवाय तिला ती पाटी हवी होती. आपल्या नारीन प्रांताचा आकडा असलेली नंबरपाटी. दवाखान्याच्या आवारात, बाजारात, कुठंही गाडी लावली की आपल्याकडचा कुणीतरी येऊन काचेवर टकटक करायचा. "कुठले तुम्ही? आत-बाशीचे? अहो, आमची मावशी तिथंच दिलीय!" झालं, ही लगेच दार उघडणार, पिशवीतून तळलेले बोरसोक काढणार, मावशीच्या सासूपर्यंत चौकशी करणार. यंत्रावरून उतरल्यावर पायांत त्राण नसायचं, पण पाटी बघून कुणी आलं की तोंडात मात्र भलतंच त्राण यायचं. एकदा तर एका अनोळखी बाईशी बोलता बोलता दोघींनी मिळून माझीच चेष्टा चालवली, की आमच्या ह्यांना घाटात उलट्या गिअरशिवाय काही येत नाही.

तर मी गेलो नोंदणी कचेरीत. आधी डोळ्यांच्या डॉक्टरकडं. त्यानं भिंतीवरची अक्षरं वाचायला लावली. जन्मभर पलीकडच्या डोंगरावरची मेंढरं इथून मोजली, त्यामुळं मला दूरचं बघायची सवय आहे म्हणालो. तो हसला आणि शिक्का दिला. कचेरीत ही रांग. खिडकीतल्या मुलीनं कागद घेतले आणि विचारलं, "आजोबा, पत्ता तात्पुरता लिहू की कायमचा? तात्पुरता असेल तर गाडी तिकडचीच राहील, पाटीही राहील. कायमचा असेल तर लायसन्स नवं, कागद नवे, आणि पाटी इथं जमा करायची."

मी उगाच खिशात चष्मा शोधू लागलो. मागच्या बाईला धीर निघेना. "अहो आजोबा, पत्ता विचारलाय तिनं, नवरीचं वय नाही!" सगळी रांग हसली. मीही हसलो. मग म्हटलं, "पोरी, जरा बसून येतो," आणि बाहेर बाकावर जाऊन बसलो.

तुर्दाकुन, तिथं बसून मी तुझाच विचार करत होतो. तू आलास तेव्हा आम्ही तिला पुरून आलो होतो. दरड आणि बर्फ कोसळून घाट बंद, तू पलीकडं अडकलेला. तिसऱ्या दिवसापर्यंत थांबलो, मग मुल्लांनी सांगितलं की आता मातीला तिचं देणं द्या. तू नंतर पोचलास, मातीच्या ढिगापाशी उभा राहिलास आणि म्हणालास, "दादा, आईशेजारची जागा रिकामी ठेवून वहिनीला परक्यांत टाकलंस." आणि घासही तोंडाला न लावता निघून गेलास. तुझा राग मला कळतो. तुला तिनंच भाकरी भरवून वाढवलंय. पण त्या दिवशी इथं काय घडलं ते तू ऐकून घेतलं नाहीस, ते आता ऐक.

इमारतींच्या मधल्या अंगणात आम्ही मयताचा तंबू उभारला होता. आत सायराकान, बायका शोकगीत गातायत. बाहेर मी काठीवर रेलून उभा, माझ्यासोबत बुद्धिबळाच्या बाकावरचे तिघं म्हातारे. आपल्या रक्ताचा एकही पुरुष नाही. तालांतचं विमान अडकलेलं, तू बर्फापलीकडं. तेवढ्यात अंगणाच्या तोंडापासून एक आडदांड माणूस मोठ्यानं हंबरडा फोडत आला. "हाय माझ्या काकी गं, डोंगराएवढी सावली होतीस गं माझी!" असा रडला की खिडक्यांतून लोक डोकावले. माझ्या गळ्यात पडला. मलाही तोवर मोकळं रडता आलं नव्हतं, ते त्याच्या खांद्यावर आलं. म्हटलं, सायराकानच्या माहेरचा असेल कुणी. त्याला हात धुवायला पाणी दिलं, मटण आणि भाकरी पुढ्यात ठेवली. निम्मं जेवण झाल्यावर तो इकडंतिकडं बघत म्हणतो, "आमचे काका दिसत नाहीत कुठं?" मी विचारलं, "कोण काका?" "अहो, गेलेल्या बाईंचे मालक." म्हटलं, "तो मीच की."

त्याच्या हातातलं हाड ताटात पडलं. त्याला घरच्यांनी सांगितलं होतं, दारात तंबू दिसेल आणि नारीनच्या पाटीची गाडी दिसेल, तिथं शिर. त्याच्या काकीचा तंबू होता पलीकडच्या अंगणात! बुद्धिबळवाल्या म्हाताऱ्यांनी गाल आतून चावून धरले. शेवटी मीच फुटलो, तुर्दाकुन. तिचं मढं आत असताना मी हसलो. ती असती तर तीही लोळली असती. तो बिचारा शरमेनं उठला, टोपी सावरली, आणि मग आजूबाजूला बघून हळूच म्हणाला, "तुमची माणसं कुठायत?" मी घाटाचं सांगितलं. तो म्हणाला, "मग रडलो ते वाया नाही गेलं. तिकडं आमची चिक्कार माणसं आहेत." झुमाकादिर त्याचं नाव, आपल्याच नारीनमधल्या कोचकोरचा घोडेवाला. जनाज्याला जिथं तुझा खांदा लागायचा, तिथं त्यानं खांदा दिला. त्याच्या तासभर आधी पलीकडं धावत जाऊन आपल्या काकीलाही देऊन आला होता.

एकाच दिवशी खणलेल्या खड्ड्यांमुळं दोघी शेजारीशेजारी आल्या. ती काकीही नारीनचीच, बोलघेवडी होती म्हणतात. दर गुरुवारी त्यांच्या घरची बायकामाणसं तळलेल्या भाकऱ्या घेऊन येतात, दोघींच्या नावानं दुवा मागतात. आपल्याकडं नव्यानं तळ ठोकणाऱ्या कुटुंबाला आधीचे शेजारी जेवू घालतात ना, तसंच झुमाकादिरनं मला पहिल्याच आठवड्यात घरी नेऊन जेवू घातलं. म्हणाला, "आमची काकी तासभर आधी गेली तिथं, म्हणजे जुनी रहिवासी तीच. पाहुणचार आमच्याकडं लागतो." तेव्हा वहिनी परक्यांत आहे असं म्हणू नकोस. आणि आणखी एक. आजारपणात मी तिला विचारलं होतं की तुला कुठं नेऊ. ती म्हणाली, "घाटातून नको बाई. जिवंतपणी दर वळणाला ओकत आले, मेल्यावर तरी सपाट ठेवा मला." हे तुला कबरीपाशीच सांगणार होतो, पण तू पाठ फिरवली होतीस.

बाकावरून उठलो, खिडकीशी गेलो. मघाची बाई अजून तिथंच होती, तिनं स्वतःहून जागा करून दिली. मी मुलीला सांगितलं, "कायमचा लिही." पाटी मी माझ्याच हातानं काढली. स्क्रू गंजून बसले होते, त्यांच्या खाचांत आपल्या वेशीचा लाल चिखल सुकलेला. शेजारी गाडी धुणारा म्हणाला, "काय काका, दात उपटताय का?" म्हटलं, "तसंच समज." मुलीला विचारलं, ही मला ठेवता येईल का. तिनं नाही म्हणून मान हलवली आणि ती ढिगात ठेवली, पण टाकली नाही, ठेवली. आता बाजारात गाडी लावतो तेव्हा काचेवर कुणी टकटक करत नाही. मी उगाच थोडा वेळ आत बसून राहतो.

म्हणजे उत्तर असं, तुर्दाकुन: ट्रक आणू नकोस. घर एर्मेकला दे, तिथं धूर निघू दे, बाळ रांगू दे. पण नुसतं एवढ्यासाठी एवढं लांब लिहिलं नसतं. तिच्या उजव्या हाताला एक जागा मी मागून घेतली आहे. आपली माणसं कशी आहेत हे मला पक्कं ठाऊक आहे. मी गेलो की तू भावकी घेऊन येशील, "आमच्या थोरल्याला बापाशेजारी नेणार" म्हणून तंबूच्या दारात उभा राहशील, आणि तालांत तुझ्यापुढं तोंड उघडणार नाही. तुझं प्रेम आहे म्हणूनच तू तसं करशील. तर नेऊ नकोस मला. त्या दिवशी तू लवकर ये, जनाज्याचा पुढचा दांडा तू घे आणि तिच्याजवळ ठेव. एवढा शब्द दे. आणि त्याच्याही आधी, तिला वर्ष होईल तेव्हाच्या जेवणाला ये, सगळ्यांना घेऊन ये. मागच्या वेळी न खाल्लेला घास या वेळी खा. घाट उघडला की टपाल येतं म्हणतात. "हो" एवढं एक अक्षर लिहिलंस तरी मला पुरे, पण लिही, लवकर लिही.

तुझाच दादा,
शेरगाझी