चौथ्या सिनेमातली खानावळवाली

मुकुटबन,
शनिवार दुपार

प्रिय अश्वजित,

जय भीम. पाकिटावर माझं अक्षर पाहून घाबरला असशील. घाबरू नको बाप्पा, माझी तब्येत ठणठणीत आहे. तूर फुलायला लागली, अंगणातला गळका नळ मी स्वतः उभी राहून दुरुस्त करून घेतला. पत्र एवढ्यासाठी लिहून राह्यली, की फोनवर तुझ्या घोड्यांच्या सिनेमांचा विषय काढला रे काढला की तुझी रेंज जाते. कागदाची कशी जाईल? परवा विमलआत्या सांगत होती की तू दिवाळीत आलास की कॅमेरा विकून टाकणार म्हणे. वरून तिला हेही म्हणालास की आईलेच लाज वाटली, ती अर्ध्यातून उठून गेली, मग मी सिनेमे काढू कायले? ते ऐकलं आणि माझी भाकर तव्यावरच करपली. मला लाज? तुझी? अरे बह्याडा!

आठव जरा. तुझे बाबा जाऊन वर्ष झालं होतं. अंगणवाडी सुटली की मी घरी येऊन भिंतीकडे पाहत बसायची. तू तेव्हा लग्नांचं शूटिंग करत पुसदपासून वणीपर्यंत फिरायचास. एका दुपारी जेवता जेवता म्हणालास, आई, आपण घोडा-बंदुकीचा सिनेमा काढू, अमेरिकेतल्यासारखा, आणि त्यातली खानावळवाली तू. मला वाटलं, पोरगं उन्हातून आलं, डोक्यावर पाणी टाकावं. पण तू खरंच पुसदच्या बाजारातून प्लास्टिकच्या रुंद टोप्या आणल्यास, आणि जुन्या पडद्याचा घागरा माझ्यासाठी शिवून घेतलास. बंद पडलेली गिट्टीखदान झाली अमेरिका. हिरॉईन समीक्षा, तिच्या वाट्याला गाणं, घोडा, सगळं. माझं काम एवढंच, की काळा चहा दारू म्हणून ओतायचा आणि डाकू कुणीकडे पळाला ते हात करून दाखवायचं. तेवढ्यासाठी मी आरशासमोर चार दिवस हात करून पाहिला, हे तुला माहीत नाही.

आणि ती बादल! भावसिंगची घोडी जन्मभर वराती करत आलेली, तिला पाठलाग काय ठाऊक? पिस्तुलाच्या टिकल्या फुटल्या की तिला वाटायचं नवरदेव निघाला. डाकू झालेला बंटी वर बसून लगाम ओढतो, बोंबलतो, आणि खाली बादल पाय आपटून मस्त नाचते. मागून समीक्षा पकडायला आली, तर तिलाच वाट पाहत थांबावं लागलं. समाजमंदिरासमोर चादर बांधून तू तो सिनेमा दाखवलास, तेव्हा त्या जागी अख्खं गाव लोटपोट हसलं आणि तू दोन दिवस तोंड फुगवून बसलास. सगळ्यात मोठ्यानं कोण हसत होतं, सांगू? मी. बाबा गेल्यावर पहिल्यांदा. पोट धरून हसले, आणि घरी येऊन पोटभर जेवले. तुला वाटलं असेल आई थट्टा करते. नाही रे राजा, त्या रात्री मी जिवंत झाले.

दुसऱ्या सिनेमात तू मला दोन वाक्यं दिलीस, तिसऱ्यात सुतारानं केलेली बंदूक दिलीस. अजूनही अंगणवाडीतली पोरं मला बंदूकवाली बाईच म्हणतात. मीटिंगमध्ये मोठ्या मॅडमसमोरसुद्धा एकीनं तसं म्हटलं. मला काय मिरवल्यासारखं झालं म्हणून सांगू! समीक्षा मागच्या महिन्यात घाटंजीहून आली होती, कडेवर पोरगी. चौथा केव्हा, म्हणून विचारत होती. बादल आता म्हातारी झाली, भावसिंग तिला लग्नाला नेत नाही. पण गावात फटाका वाजला की खुंट्याला बांधलेली असली तरी एक पाय उचलतेच.

माझ्याकडे नवीन गंमत म्हणजे, दुपारी पोरांना झोपवायचं तर मी आधी सतरंजीवर निजते. डोळे मिटायचे, हलायचं नाही, आणि पोरांनी मला तपासायचं. नयन नावाची चार वर्षांची एक कार्टी आहे, ती तर माझ्या पापण्यांवर फुंकर घालते. सुरुवातीला मी लगेच हसायची आणि सगळी ओरडायची, हालल्या, बाई हालल्या! आता महिना झाला, कोणाले ओरडायची संधी देत नाही.

आता चौथ्याचं ऐक, आणि हे वाचताना मध्येच उठून तुझ्या चाकणच्या कंपनीच्या बसमध्ये चढू नको. तुझ्या गोष्टीत खानावळवालीला गोळी लागते आणि तिचा मुलगा तिचं डोकं मांडीवर घेऊन रडतो. मुलाचं काम करणारा त्या दिवशी आलाच नाही, म्हणून तालमीत तू बसलास. मी डोळे मिटले. तू रडायला लागलास, आणि ते रडणं सिनेमातलं नव्हतं. बाबांना दवाखान्यातून शेवटचं घरी आणलं, त्या दिवशी तू पाहुण्यांचा चहा पाहत होतास, मंडप पाहत होतास, डोळ्यांतून टिपूस काढलं नव्हतंस. ते सगळं त्या खदानीत माझ्या तोंडावर पडलं. आई म्हणून हाक मारलीस आणि मी मेल्यासारखी पडून राहू? मला जमलंच नाही. मी उठले, गुडघा धरला, दुखते म्हणाले आणि घरी आले. गुडघा चांगला होता. खोटं बोलले, आणि तू ते लाजेवर नेलंस, चूक माझीच. म्हणून सांगते, कॅमेरा विकू नको. मी भावसिंगला सांगून ठेवलं आहे, समीक्षालाही कळवलं आहे, पडद्याचा घागरा धुऊन ठेवला आहे. नयननं फुंकर घातली तरी माझी पापणी आता हालत नाही. दिवाळीत ये, मी मरायला तयार आहे. फक्त रडायला दुसरा कोणी पाहा.

तुझीच,
खानावळवाली आई