अडीच वर्षांचा शब्द

करंजवाडी, मुरुडजवळ
शुक्रवार, १६ जानेवारी

तीर्थरूप सुमनअक्कांना,

धाकट्या जावेचा, अंबिकाचा नमस्कार. भाऊजींनाही सांगावा. संक्रांतीचा तिळगूळ दामिनीजवळ दिलाय. काकूकडं जायचं म्हटलं की पोरगी कॉलेज विसरते, तेव्हा चिठ्ठीही तिच्याच हाती. माझा फोन तुम्ही उचलत नाही. तिळगूळ खाऊन गोड बोलाल अशी आशा नाही, वाचलंत तरी पुष्कळ.

इकडं सगळं ठीक. हरभरा घाट्यावर आलाय, तुरीची रास झाली. तुमच्या रानातली बोर यंदा लगडलीय, पण खायला पाखरंच. कपिलेला कालवड झाली, तिच्यासारखीच आडमुठी आहे.

आणखी एक बातमी, ती तुमच्यापर्यंत पोचलीच असेल. आपल्या गणातून पंचायत समितीचं तिकीट मला मिळतंय. बुधवारी लातूरला फॉर्म भरायचाय. शेण काढणारी बाई तालुक्याला निघाली म्हणून हसला असाल तर हसा, मीही हसले. पण उमेदवारी मी सोडणार नाही, हे आधीच सांगते. मला ती हवी आहे. पुढचं वाचून माझा विचार डळमळलाय असं समजू नका.

पाच वर्षांपूर्वी सरपंचपद बाईला सुटलं आणि निवडून आलेल्यांत दावा आपल्या दोघींचाच होता. घर फुटू नये म्हणून भाऊजींनी तोड काढली, अडीच वर्षं एकीनं, अडीच दुसरीनं. तुमच्या गुडघ्याचं ऑपरेशन होतं म्हणून पहिली पाळी मला दिली. खंडोबापुढं आपण दोघींनी बेलभंडारा उचलला.

अडीच वर्षं भरली तेव्हा पाणंदीचं काम अर्धवट होतं, असं मी आजवर सांगत आले. ते खोटं नाही. चाळीस वर्षं भांडणात अडकलेली शेतवाट, दोन्हीकडच्या बांधवाल्यांच्या हातापाया पडून मोकळी केली होती. मुरूम पडायचा राहिला होता. पण मुरूम तुमच्या हातूनही पडला असता की. तुम्हाला काय टोपली उचलायची होती?

अक्का, ही चिठ्ठी मी तीन वेळा लिहायला घेतली आणि तीन वेळा हरभऱ्यापाशीच थांबले. आता मात्र लिहितेच.

त्या दिवशी तुम्ही दारात येऊन विचारलंत, "अंबिका, राजीनामा कधी देतीस गं?" मी पदर सावरला, मान खाली घातली अन् म्हटलं, "यांना इचारा अक्का. माझं काय चालतंय?"

तुम्हाला ते पटलं. का पटणार नाही? आजूबाजूच्या गावांत नवरेच सरपंचकी करतात, बाई नुसती सहीला. पण आमचे हे कधी ग्रामपंचायतीची पायरीसुद्धा चढले नाहीत. लातूरच्या प्रशिक्षणात मी उठून ठणकावलं होतं, "सरपंच मी आहे, माझा नवरा नाही." केवढ्या टाळ्या पडल्या होत्या! आणि शब्द मोडायची वेळ आली तेव्हा त्याच नवऱ्याच्या आड लपले. यांनी मला दोनदा सांगितलं होतं, "देऊन टाक, वैनीची पाळी हाय." दिला नाही तो मी. खुर्चीची गोडी लागली होती. तहसीलमध्ये साहेब मला "या, सरपंचबाई" म्हणायचे. जन्मात मला कुणी "या" म्हटलं नव्हतं.

हे तेव्हा गोठ्यात वैरण टाकत होते. सगळं ऐकलं, पण तेव्हाही बोलले नाहीत आणि नंतरही नाहीत. मग भाऊजींनी बोलणं टाकलं, तुम्ही लेकाकडं, दयानंदकडं लातूरला राहायला गेलात, आणि गावानं ठरवलं की वैजनाथनं भावाला फसवलं. मी ते ठरू दिलं.

महिन्याखाली येळवशीच्या अवसेला भाऊजी रानात आले होते, ते तुम्हाला बोलले का ठाऊक नाही. कडब्याच्या कोपीत पाच दगडांचे पांडव पुजून झाले. पूर्वी सगळं घर एका कोपीत जेवायचं, यंदा भाऊजी बांधावरच उभे राहिले. हे आंबिलीचा तांब्या घेऊन गेले. "दादा, आंबील घ्या."

भाऊजी म्हणाले, "बायकूच्या खुर्चीपायी भावाला फशिवलास, अन् आता आंबील पाजाय लागलास व्हय?"

यांनी मान खाली घातली. "हाव दादा. चुकलं माझं."

मी कोपीत होते, दहा पावलांवर. भज्जीची भाजी वाढत होते, ती वाढतच राहिले. अक्का, मी भर ग्रामसभेत चार माणसांना गप्प बसवणारी बाई, तिथं तोंड उघडलं नाही. त्या दिवसापासून घास गोड लागत नाही.

पक्षाचं तालुक्याचं काम बघणाऱ्या गुरुपादप्पांना मी काल सांगितलं की फॉर्म भरायच्या आधी हे गावात बोलणार. ते कपाळाला हात लावून म्हणाले, "बाई, लोक इसरलेत. कशाला उकरताव? शंभर-दीडशे मतं जातील."

म्हटलं, "जाऊ द्या."

मंगळवारी संध्याकाळी मारुतीच्या पारावर सांगणार आहे. शब्द मी मोडला, यांनी नाही. यांना अजून बोलले नाही, नाहीतर म्हणतील राहू दे. राहू द्यायचं नाही. तिकीट कापलं तर अपक्ष उभी राहीन, पडले तर पडले. पण मत मागायला दारात जाईन तेव्हा मान वर असेल, आणि ती नवऱ्याची इज्जत खाऊन वर केलेली नसेल.

तुमची अडीच वर्षं मी परत देऊ शकत नाही. माफी मागते, पण द्याच असा हट्ट नाही. माझ्याविरुद्ध प्रचार करावासा वाटला तर खुशाल करा, तुमचा हक्क आहे.

एकच करा. पारावरचं भाऊजींच्या कानावर दुसऱ्याकडून जाण्याआधी ही चिठ्ठी त्यांना वाचून दाखवा, भज्जीपर्यंत सगळी. मग त्यांना फोन करावासा वाटला तर मला नको, यांना करू द्या. काही बोलायचंही नाही. नुसतं "वैजू" म्हटलं तरी पुरे आहे, बाकी रडायचं ते हे रडतील.

बेलभंडारा उचलून शब्द न पाळलेली,
तुमची धाकटी जाऊ
अंबिका