पिवळ्या पट्टीवरचं नाव

३ फेब्रुवारी

नाव बदलणार म्हणे! एकतीस वर्षं वागवलं आणि आता नको झालं.

चिरंजीव आज ड्यूटी संपवून थेट खाली दुकानात आले. अग्निशमन दलाचा गणवेश अंगावर, बुटांना चिखल. खिशातून चार घड्या घातलेला अर्ज काढला आणि माझ्या काच कापायच्या टेबलावर पसरला. "बाबा, साक्षीदारांच्या सह्या लागतात. एक तुम्ही करा."

मी म्हटलं, चष्मा वर घरात राहिलाय. चष्मा माझ्या कपाळावर होता! त्याने पाहिला असणार. "ठेवून जातो, सावकाश करा," म्हणाला आणि गेला.

सावकाश कशाला, मी करणारच नाही.

४ फेब्रुवारी

कारणं काय, तर ऐकावीत. सूनबाई गरोदर आहेत, बाळंतपणाला दोन महिने राहिले. बाळाच्या दाखल्यावर बापाचं नाव काय लागणार — अलगद! "त्याला पण आयुष्यभर समजावत बसायला लावू का, की तुझ्या बापाचं नाव असं का?"

खोटं नाही बोलत तो. शाळेत पहिल्याच दिवशी बाईंनी यादी वाचली आणि त्याला मुलींच्या रांगेत उभं केलं. हा पठ्ठ्या मधल्या सुट्टीपर्यंत उभा राहिला. मग मुलांनी 'हळूबाई' नाव पाडलं, ते दहावीपर्यंत चिकटलं. अजून बँकेची पत्रं 'कुमारी अलगद' म्हणून येतात. सव्वासहा फूट उंची, मिशा, आणि कुमारी! फोनवर म्हणतो "अलगद बोलतोय", तर समोरचा म्हणतो "अहो, मग जरा जोरात बोला की!"

मला हसू आलं. त्याला नाही आलं.

शेजारच्या घड्याळवाल्याला तर हा विषय म्हणजे आयतीच करमणूक. पोरगा आठ वर्षांचा होईतो दुकानातले तीन आरसे फोडून बसला होता. प्रत्येक वेळी घड्याळवाला दारात येऊन म्हणायचा, "नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा!" आज त्याला सांगितलं, बदलतोय नाव. म्हणाला, "अरेरे. आता मी चिडवू कोणाला?"

५ फेब्रुवारी

सही केली नाही. अर्ज रद्दीत जाऊ नये म्हणून काचांच्या मांडणीत ठेवला. दिसणार नाही असा.

७ फेब्रुवारी

बायकोला वाटतं, मी उगाच आडमुठेपणा करतोय. "नाव त्याचं आहे. त्याला बोचत असेल तर बदलू दे की. तुमचं काय जातंय?"

माझं काय जातंय!

तिला कसं सांगू? सांगण्याची वेळ एकतीस वर्षांपूर्वी होती, ती मी घालवली.

आज कामात लक्ष नव्हतं. काच कापायची हिरकणी धरली की हात आपोआप चालतो, मी कधी चुकत नाही. आज एका फोटोची काच अर्धा इंच तोकडी कापली. शिकाऊ असताना सुद्धा असं केलं नव्हतं. बायको चौकटीला कागद लावत बसली होती, तिने मान वर करून पाहिलं. बोलली नाही. तिचं न बोलणं मला कळतं, म्हणजे इतकी वर्षं मी तसं समजत आलोय.

८ फेब्रुवारी, रविवार

दुकान बंद. आज लिहूनच टाकतो. या वहीला तरी सांगावं.

तेव्हा आम्ही दोघं मालकांच्या मोठ्या काच-कारखान्यात होतो. मी कापणीला, ती बांधणीला. काच पेटीत भरायची, भुसा ठासायचा, झाकण ठोकायचं आणि वरून पिवळी पट्टी चिकटवायची. बाकी कारखान्यांच्या पट्ट्यांवर लांबलचक मजकूर असायचा — सावधान, काच आहे, आपटू नये वगैरे. आमच्या मालकांनी एकच शब्द छापून घेतला होता. अलगद. म्हणायचे, "हमालाला वाचायला वेळ नसतो. एक शब्द पुरे, पण तो असा हवा की वाचता वाचता हात मऊ झाला पाहिजे." बायको दिवसाला दोन-दोनशे पट्ट्या लावायची. एकीला सुरकुती नाही, एकही वाकडी नाही.

ती सातव्या महिन्यातच बाळंत झाली. कामावरूनच न्यावं लागलं. बाळ इतकं लहान की माझ्या दोन तळव्यांत मावून जागा उरेल. काचेच्या पेटीत ठेवलं. माझा जन्म काचेत गेला, पण त्या पेटीसमोर मी गावंढळासारखा उभा राहिलो. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "दोन आठवडे निघाले तर बघू." मग नाव कोण ठेवणार? नाव ठेवलं की माणूस गुंततो. पेटीला अडकवलेल्या कागदावर नुसतं 'बाळ' आणि वजन.

नर्सा कामाच्या घाईत असायच्या. पेटीचं दार उघडायचं, नळी बदलायची, दार बंद. खट्! तो खट् माझ्या डोक्यात जायचा. काय बोलणार, त्या जीव वाचवत होत्या. शर्टाच्या खिशात हात घातला तर कारखान्यातली एक पिवळी पट्टी. जीभ लावून ओली केली आणि दिली पेटीवर चिकटवून.

मोठ्या आवाजाची एक नर्स होती, तिने कमरेवर हात ठेवून वाचलं. मला वाटलं, आता ओरडते. तर म्हणाली, "बरं बाबा." आणि दार असं लावलं की आवाज नाही. दुसऱ्या दिवसापासून साऱ्या नर्सा म्हणू लागल्या — अलगदने आज चार थेंब जास्त घेतले, अलगद आज रडलं. मुलगा की मुलगी हे कोणी बघतच नव्हतं. श्वास घेतंय की नाही एवढंच.

घरी न्यायच्या दिवशी कारकुनाने विचारलं, "नाव?" मी तोंड उघडायच्या आधी ती नर्स म्हणाली, "अलगद. लिहा." कागदावर ते कायमचं झालं.

ही झाली सगळ्यांना ठाऊक असलेली गोष्ट. पोराला आम्ही शंभरदा सांगितलीये. ती पूर्ण नाही.

९ फेब्रुवारी

पेट्या दोन होत्या.

१० फेब्रुवारी

काल पुढे लिहवलं नाही.

जुळी होती. एक मुलगा, एक मुलगी. दोन पेट्या शेजारी-शेजारी. खिशात पट्टी एकच, आणि ती मी पोरीच्या पेटीवर लावली. ती जास्त अशक्त होती म्हणून. अलगद ती होती. चार थेंब जास्त घेणारी, रडणारी, सगळ्या नर्सांची लाडकी — ती. पोरगा नुसता 'दुसरा'.

नवव्या दिवशी गेली.

सगळं आटोपून सकाळी पुन्हा गेलो, तर पट्टी मुलाच्या पेटीवर. ती मोठ्या आवाजाची नर्स उभी होती, डोळे सुजलेले. म्हणाली, "आता याला लागेल ना, बाबा." मी मान हलवली. दुसरं काय करणार होतो?

बायको तापाने फणफणून दुसऱ्या मजल्यावर होती. मुलगी गेल्याचं तिला सांगितलं होतं, पण बाळं तिने पाहिलीच नव्हती. बाराव्या दिवशी चाकाच्या खुर्चीतून तिला आणलं. पेटीवरची पट्टी पाहून ती हसली! तितक्या दिवसांत पहिल्यांदा. "अहो, नाव ठेवलंत की काय?" त्या हसण्यापुढे माझी छाती झाली नाही. "हो," म्हणालो. घरी आल्यावर ती एवढंच म्हणाली, "आता एकच मूल झालं म्हणायचं." आम्ही एकच म्हणत आलो. पोराला माहीतच नाही की त्याला बहीण होती.

तिच्या कागदावर नाव नाही. 'बाळ, स्त्री' आणि दोन तारखा. फोटो नाही, कपडा नाही. जगात तिचं म्हणून एवढं एक नावच राहिलंय, आणि ते या दांडगोबाच्या छातीवरच्या बिल्ल्यावर मिरवतंय. त्याने ते काढून टाकलं की संपलीच ती. हे माझं जातंय.

११ फेब्रुवारी

दिवसभर त्या शब्दाचाच विचार. हळू म्हटलं की वेग कमी. जपून म्हटलं की त्यात भीती आली. 'अलगद'मध्ये भीती नाही. उचलणाऱ्याला पुरतं वजन कळलेलं असतं, पण उचललेल्याला कळत नाही आपण कधी उचललो गेलो.

गेल्या वर्षी त्याने एका म्हातारीला चौथ्या मजल्यावरून पाठीवर आणलं. खाली उतरवल्यावर तिने विचारलं, "अरे, निघायचं कधी?" बायको ही गोष्ट येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाईकाला ऐकवते. ऐकवू दे.

त्याच्या बहिणीचं नाव त्याला शोभलं. ते त्याचं नव्हतं तरी शोभलं.

१४ फेब्रुवारी

सांगितलं.

शिंप्याच्या दुकानाची दर्शनी काच कापायची होती. सहा बाय पाच फूट. दुसरं टोक एरवी बायको धरते, पण तिचा गुडघा धरलाय. पोरगा सुट्टीवर होता, आला. मांडणीपासून टेबलापर्यंत सात पावलं. काच आमच्या दोघांमध्ये उभी, पलीकडे त्याचा चेहरा. दोघांचेही हात अडकलेले. कोणाला निघून जाता येत नाही. तिसऱ्या पावलाला माझ्या तोंडून निघून गेलं — "तुला बहीण होती. जुळी. हे नाव तिचं."

शहाण्याने असल्या वेळी तोंड उघडू नये. काच हातात असताना शिंकसुद्धा दाबायची असते. पण कधीतरी बोलायचंच होतं.

तो थांबला नाही. उरलेली चार पावलं चालला. काच टेबलावर टेकली तेव्हा आवाजही आला नाही. मग हातमोजे काढले आणि म्हणाला, "सगळं सांगा." सगळं सांगितलं. नर्स, पट्टी, बारावा दिवस.

बराच वेळ तो काचेच्या कडेवरून अंगठा फिरवत होता. पोराला लहानपणी त्यासाठी किती ओरडलोय. मग म्हणाला, "म्हणजे तिचं उरलेलं मला चिकटवलं."

तोंडात मारल्यासारखं झालं. "असं नाही रे," म्हणालो.

"अर्ज कुठाय?"

मांडणीतून काढून दिला. घेऊन गेला.

१६ फेब्रुवारी

फोन उचलत नाही. सूनबाई म्हणाल्या, "बोलत नाहीयेत, पण जेवतायत."

१७ फेब्रुवारी

काही नाही.

१९ फेब्रुवारी

आला! पण माझ्याकडे नाही. दुकानावरून सरळ वर गेला, आईकडे. स्वयंपाकघराचं दार लावलं. मी खाली तासभर कान टवकारून. एक काच धड कापली नाही. घड्याळवाला डोकावला, माझा चेहरा पाहून आल्या पावली परत गेला.

पोरगा खाली उतरला, डोळे लाल. "येतो," एवढंच म्हणाला. मी वर गेलो. बायको चहा टाकत होती. मी उभाच. म्हटलं, तुला आता कळलंच असेल. मी इतकी वर्षं तुझ्याशी खोटं —

"बसा आधी," म्हणाली. कप पुढे ठेवला. "मला तेव्हाच कळलं होतं."

काय?

"पट्टीच्या चारही कडा सुरकुतलेल्या होत्या. एक कोपरा फाटलेला. दिवसाला दोनशे पट्ट्या लावायचे मी. काढून पुन्हा लावलेली पट्टी मला कळणार नाही होय? पहिली कोणत्या पेटीवर असणार, तेही कळलं."

मग हसलीस कशी?

"तुम्ही दाराशी उभे होतात. तुमच्याकडे बघवत नव्हतं. म्हटलं, एवढं तरी हसावं." स्वतःचा कप भरत म्हणाली, "मला वाटायचं, तुम्ही कधीतरी सांगाल. मग वाटलं, नाव घेतंय ना रोज घरात. पुष्कळ झालं."

एकतीस वर्षं ती त्याला हाक मारायची, तेव्हा ती हाक दोघांना असायची. आणि मी समजत होतो, सगळं ओझं मी एकटाच वाहतोय. मूर्ख! चहा निवला. दोघंही रडलो, आणि मला त्याची लाज वाटली नाही.

२१ फेब्रुवारी

सकाळी पोरगा अर्ज घेऊन आला. टेबलावर पसरला. नाव बदलतोयच. नवं कोणतं घेतलंय ते मी नीट वाचलंही नाही. कारणाच्या रकान्यात आधी 'गैरसोय' लिहिलं होतं, ते खोडलंय. खाली त्याच्या त्या गिचमिड अक्षरात — 'हे नाव माझ्या बहिणीचं आहे. तिला परत करायचं आहे.'

साक्षीदार दोन लागतात. एक सही माझी, दुसरी तिच्या आईची.