घरकुलाची रेती

बाबा, काकाजींनी परवा मला विचारलं, "लायसन मालकाचा रद्द झाला, त चोर आमी काऊन?" मी कायद्याची पदवी घेतली आहे, तिरोड्याला एका वकीलबाईंच्या हाताखाली काम करते, तरी मी त्यांना नुसती कलमं सांगत बसले.  

वैनगंगेवरच्या आपल्या रेतीघाटाचा परवाना रद्द झाला. आदेश ठेकेदाराला सकाळीच मिळाला होता. तरी दुसऱ्या दिवशी त्याच्या मुकादमाने नेहमीसारखी माणसं पाण्यात उतरवली. दुपारी तहसीलचं पथक आलं तेव्हा तो ट्रॅक्टर घेऊन पसार झाला आणि सापडले ते घमेली घेऊन उभे असलेले अकरा मजूर, त्यांत काकाजी. ठेकेदार आता परवान्यासाठी हायकोर्टात गेलाय. तिथे तो म्हणतो, आदेशानंतर मी रेतीला हात लावला नाही, गावकरीच आपल्या मनाने उपसत होते. ते खरं दिसावं म्हणून मुकादम घरोघर एक कागद घेऊन फिरतोय. "घरकुलासाठी रेती काढून राहिलो होतो, असं लिवून द्या. घरकुलाची रेती गरिबाले माफ असते. बाकी मालक पाहून घेईल."

माफ असते, पण तहसीलचा पास असेल तर. पासाविना तो कागद म्हणजे स्वतःच्या हाताने दिलेली चोरीची कबुली. हे मी काकाजींना तीनदा समजावलं. वकीलबाईंनी वाट दाखवली होती: आम्हाला ठेकेदारानेच कामावर लावलं, अशी तक्रार कामगार कार्यालयात द्यायची, आणि हायकोर्टातल्या त्याच्या प्रकरणात अर्ज करायचा की निकालाआधी आमचंही ऐका. पुरावा काकाजींच्या मोबाईलमध्येच होता, आदेश आला त्याच रात्रीचा, मुकादमाच्या आवाजात: "उद्या सहाले घाटावर या, दोन ट्रॉल्या भराच्या आहेत." काकाजींनी सगळं ऐकून घेतलं, मग म्हणाले, "भावानं सही केली होती न, बाई. भाऊ का येडा होता?"

तुम्ही वेडे नव्हता. अशाच एका धाडीनंतर, याच मुकादमाने आणलेल्या अशाच कागदावर तुम्ही सही केलीत आणि मरेपर्यंत तारखांना जात राहिलात. मालक एकदाही कोर्टाच्या पायरीवर दिसला नाही. माझा संताप होतो तो याचाच. नदी कोणी उपसायची यावर सरकार आणि ठेकेदार वर्षानुवर्षं भांडू शकतात, आणि कंबरभर पाण्यात उभ्या असलेल्या माणसाचं नाव फक्त एकाच कागदावर येतं, पंचनाम्यावर! राग तुमचाही येतो. आई चुलीपाशी सांगत होती, "सही करू नोका जी," आणि तुम्ही म्हणालात, "मालकानं शब्द देला आहे." तिच्या शब्दाला काही वजनच नव्हतं का?

तुमच्या त्या जबाबाची नक्कल मी काढली. वकीलबाई म्हणाल्या, "तोच मुकादम, तोच मजकूर. ही या ठेकेदाराची जुनी रीत आहे, असं कोर्टाला दाखवता येईल. पण सहीच्या वेळी हजर असलेलं कोणी शपथपत्र द्यायला हवं." मी आईचं नाव सांगितलं. त्यांनी विचारलं, "आणि वडिलांना तो वाचून कोणी दाखवला?"

मी सहावीत होते; तुम्हाला सहीपुरतीच अक्षरं येत होती. तुम्ही पाटावर बसलेले, मुकादम दारात, आणि मी शाळेत धडा वाचावा तशी उभी राहून वाचतेय. 'स्वतःच्या मर्जीने' हे शब्द मला इतके आवडले की ते मी दोनदा वाचले. तुम्ही मुकादमाला म्हणालात, "पाह्य, कशी फडाफडा वाचते माही पोरगी!" आणि माझ्याच दप्तरातला पेन घेऊन सही केलीत. घरात कोणाला कळत नव्हतं ते मला तरी कुठे कळत होतं? पण त्या दिवशी मी खूश होते, बाबा.

काल मी शपथपत्र दिलं. माझ्या वडिलांचा जबाब खोटा होता, त्याने काय ओढवेल हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं, आणि तो वाचून दाखवणारी मी होते. काकाजींनी मुकादमाचा कागद परत केला आणि आपल्या अर्जावर सही केली. आता कोर्टात तुमचं नाव खोटं बोललेला माणूस म्हणून वाचलं जाईल, माझ्या सांगण्यावरून. आईला मी हे अजून सांगितलेलं नाही.