आमच्या शेतातल्या हिमयुगाबाबत

प्रति,
मा. भूवारसा अधिकारी,
वाल्डफिर्टेल वनपठार विभाग.

अर्जदार : नोटबुर्गा हायन्डल, शेतकरी, मु. श्टाइनरॉइट.

विषय : माझ्या आईने रचलेला दगडांचा ढीग निसर्गाच्या नावावरून कमी करणेबाबत.
संदर्भ : आपला आदेश, दि. ११ मार्च १९८७.

महोदय,

खाली सही करणारी सविनय अर्ज करते की,

१. आमच्या भागात जमिनीखाली ग्रॅनाइट आहे, हे आपणांस ठाऊक असेलच. आम्हांस ते आपल्या आधीपासून ठाऊक आहे. दर हिवाळ्यात जमीन गोठून फुगते आणि पोटातले दगड वर ढकलते. बर्फ वितळला की पेरणीआधी ते वेचून रानाच्या कडेला टाकावे लागतात. तीन पिढ्यांनी टाकले, त्याचा ढीग झाला. गतवर्षी आपले निरीक्षक डॉ. एगिंगर आले, ढिगाभोवती दोनदा फिरले आणि ‘हिमयुगातील शिलाराशी, मानवी हात न लागलेली’ असा फलक ठोकून गेले.

२. त्यांच्या अहवालात म्हटले आहे की, खाली मोठे दगड व वर लहान, ही मांडणी केवळ हिमयुगातील थंडीच करू शकते. नम्रपणे कळविते की, खालचे दगड माझ्या आजोबांनी बैलजोडीने ओढून आणले. पुढे युद्धात बैल गेले, पुरुषही गेले. वरचे दगड माझी आई थेक्ला हिने एकटीने एप्रनच्या ओच्यात वाहिले. ओच्यात मावतील तेवढेच. हे मी डॉक्टरसाहेबांना तेथेच सांगितले. ते म्हणाले, “बाई, आठवणींवर विज्ञान चालत नाही.” आई एक्याऐंशी वर्षांची आहे, तिला कमी ऐकू येते. हे मात्र नेमके ऐकू आले. ती म्हणाली, “मग विज्ञानाला म्हणावं, बांध एप्रन आणि टाक एक खेप!” अहवालात याची नोंद नाही.

३. संदर्भीय आदेशानुसार, या वर्षी टाकलेले दगड ‘परके’ असून ते चौदा दिवसांत मूळ ठिकाणी न्यावयाचे होते. मूळ ठिकाण म्हणजे आमचे शेत. आदेशाचा मान राखून आम्ही सर्व दगड शेतात परत पसरले. शेजारचा फ्लोरियान बांधावरून ओरडला, “काय गं नोटबुर्गा, दगड पेरतेस? पाणी कधी देणार?” आता नांगर चालत नाही. दगड दुसरीकडे टाकावेत, तर एका बाजूस आपले राखीव जंगल आणि दुसऱ्या बाजूस आपलीच संरक्षित दलदल. आपल्या कारकुनांनी फोनवर “तात्पुरते घरात ठेवा” असे सुचविले. घर लहान आहे.

४. एप्रिलच्या मध्यापर्यंत खसखस पेरली नाही, तर वर्ष बुडाले. दुसरे शेत आम्हांस नाही. तरी ढिगावर दगड टाकण्यास तत्काळ परवानगी मिळावी. फलक ठेवायचाच असेल, तर त्यावर आईचे नाव घालावे. मला या प्रकाराचा संताप आला आहे, तोही नोंदवून घ्यावा.

५. परवानगी न मिळाल्यास आम्हांस शेत सोडावे लागेल. थंडी आदेश वाचत नाही. ती दगड वर ढकलीतच राहील. वेचायला कोणी नसेल. हळूहळू जंगल खाली उतरेल आणि फलकावर लिहिले आहे तसे सगळे होईल. आपण त्याचीच वाट पाहत असल्यास तसे लेखी द्यावे, आणि ते आईला वाचून दाखवायला स्वतः यावे.

आपल्या आदेशाने पेरणी अडलेली,
नोटबुर्गा हायन्डल

दि. २ एप्रिल १९८७
सोबत : आदेशाची प्रत.